खंत आणि खंदक यांच्यामधली चिठ्ठी

मी एक चिठ्ठी बोलतेय. जरा हळू घ्या हं, ड्रॉवर कुणी जोरात ओढला तरी माझ्या काळजात धस्स होतं.

शब्दकोशाच्या कचेरीतली मी. पोस्टकार्डापेक्षा थोडी लहान, एक कोपरा दुमडलेला. माझ्या माथ्यावर निळ्या शाईत एक शब्द आहे: खंथ. त्याखाली 'स्त्रीलिंगी', मग अर्थ: 'जुनं दुःख मनात पुन्हा पुन्हा घोळवणे'. मग एक वाक्य: 'आई दिवसभर गेल्या दिवसांचा खंथ करीत बसते.' आणि अगदी तळाला 'व्युत्पत्ती', आणि पुढे प्रश्नचिन्ह.

तुम्ही म्हणाल, हा शब्द तर आम्ही कधी ऐकला नाही. तेच तर माझं दुखणं आहे.

लोकांना वाटतं, कुणी विद्वान डोळे मिटून बसतो आणि कोशातले शब्द आठवत जातो. तसं नसतं. आधी गोळा करणारे असतात. ते जुनी पत्रं, कागद, पुस्तकं वाचतात आणि नवा शब्द दिसला की चिठ्ठी करतात. शब्दाबरोबर तो ज्या वाक्यात सापडला ते वाक्यही उतरवतात, कारण शब्दाचा अर्थ त्याच्या संगतीवरून कळतो.

मला आक्कांनी लिहिलं. आक्का तेव्हा इथे नकलनवीस होत्या. त्यांच्यापुढे एका बाईने आपल्या बहिणीला लिहिलेलं जुनं पत्र होतं, शाई पार उडालेली. वाचता वाचता त्या थांबल्या. टाक माझ्यावर अधांतरी राहिला. जन्माला येण्याआधीच मी घाबरले ती अशी.

"अहो, 'खंथ' ऐकलाय का कधी?" त्यांनी शेजारच्या टेबलावरच्या गृहस्थांना विचारलं.

"खंतच असेल. कुणी जीभ जड करून बोलत असेल."

"मग लिहू?"

"लिहा हो. आपलं काम गोळा करायचं. निवडणारे वर बसलेत ना!"

मी वरच्या मजल्यावर गेले. तिथे निवडणारे म्हणाले, "खाली पाहिलंच असेल नीट." आणि मी छापली गेले.

ड्रॉवरमध्ये माझी जागा खंत आणि खंदक यांच्या मधे. खंत सगळ्यांच्या ओळखीची. रोज कुणाच्या ना कुणाच्या तोंडी असते, त्यामुळे तिला कसली फिकीर नाही. खंदकाचा तोरा वेगळा. तो अरबी-फारसीच्या वाटेने आलेला, किती मुलखांतून फिरला ते सांगताना थकत नाही. खालच्या ड्रॉवरमधली चावी पोर्तुगीज खलाशांबरोबर आली म्हणे, पण आता ती परकी आहे असं कुणाच्या ध्यानातही येत नाही. शब्दांचं असंच असतं. कुणी घरात जन्मतं, कुणी बाहेरून येतं, आणि पन्नास माणसांनी सवयीने हाक मारली की सगळे घरचेच होतात.

मला मात्र कुणी हाक मारत नव्हतं. कोश उघडला की लोकांचं बोट खंतवर थांबायचं, नाहीतर मला ओलांडून खंदकाकडे जायचं. वर त्या वाक्यातला 'चा' मला सारखा टोचायचा. मी स्त्रीलिंगी, तर 'गेल्या दिवसांची' हवं ना? 'दिवसांचा' कसं? मी तो 'चा' झाकून ठेवायला बघायचे. पण कागदाला हात कुठे असतात?

आणि मग दुसऱ्या आवृत्तीचं काम निघालं. प्रत्येक चिठ्ठी बाहेर काढून, तपासून संगणकात घालायची होती. हे काम आलं एका नव्या मुलीकडे. ती भाषाशास्त्र शिकून आलेली. अंगठ्याच्या नखाने एकेक चिठ्ठी उचलायची आणि शब्द पुटपुटून बघायची. खंड झाला. खंत झाली. मी श्वास रोखून धरला.

"खंथ," ती म्हणाली. मग उठून थेट मोठ्या बाईंकडे. मोठ्या बाई म्हणजे मुख्य संपादक.

"बाई, हे बघा ना. लिंग स्त्री, आणि वाक्यात 'दिवसांचा'. वाक्य उतरवलेलं असतं, ते खोटं बोलत नाही. लिंग आपण ठरवलंय."

"खंतवरून ठरवलं असेल. मूळ पत्र काढ."

पत्र आलं. भिंग आलं. दोन डोकी वाकली. मी टेबलाच्या कडेला पडून होते, पंख्याच्या वाऱ्याने उडून जाईन तर बरं असं वाटत होतं.

"अगं, हा ख नाहीच," बाई म्हणाल्या. "र आणि व आहेत. मधे केसाएवढी फट आहे बघ."

जुन्या वळणात ख म्हणजे शेजारी शेजारी काढलेले र आणि व. पुढे र चा पाय व च्या पोटाला जोडायची पद्धत आली, ती याच गोंधळामुळे. 

"म्हणजे 'रवंथ'!" नवी मुलगी किंचाळलीच. "आई गेल्या दिवसांचा रवंथ करीत बसते!"

दोघी इतक्या हसल्या की बाईंना चष्मा काढावा लागला. मला हसू आलं नाही. मी आजवर स्वतःला दुर्मीळ समजत होते. मी दुर्मीळ नव्हते, मी नव्हतेच.

"रवंथ कसा खानदानी," बाई सांगू लागल्या. "संस्कृतातला रोमंथ. ग्रामचं गाव झालं, नामचं नाव झालं, तसंच हे. लोकांनी पिढ्यान्‌पिढ्या ओठ पुरते मिटायचा कंटाळा केला आणि म चा व झाला. आणि हिला काय आहे? आपल्या डोळ्यांची चूक. काढून टाक."

"बाई, एक विचारू? चूक तोंडाची झाली तर ती भाषेची वाढ, आणि डोळ्यांची झाली तर कचरा?"

"वाद घालू नकोस. कुणी बोलतं का हा शब्द? दाखव."

मुलीने दोन दिवस शोधलं. ते दोन दिवस मी तिच्या वहीत दबून होते. मी सापडले फक्त दुसऱ्या दोन कोशांत. "त्यांनी आपल्यावरूनच उतरवलंय," बाई म्हणाल्या. "आपल्या चुकीला दोन पोरं झाली म्हणून ती चूक राहत नाही की काय?" त्यांनी लाल पेन्सिल उचलली. "आक्कांना फोन लाव. त्यांच्या हातची चिठ्ठी आहे, त्यांना न सांगता काढणं बरं नाही."

फोन टेबलावर ठेवला, आवाज मोठा केला. आक्कांचा आवाज आता कापरा झालाय.

"रवंथ? अगं बाई! काढा, आधी काढा! किती वर्षं छापलेलं राहिलं ते!" मग त्या थांबल्या. "पण मग मी घरी काय बोलत होते इतके दिवस?"

"म्हणजे?"

"अगं, चिठ्ठी केली तेव्हा मला तो आवडला. कचेरीतून कधी पेन्सिल नेली नाही मी, पण हा शब्द घरी नेला. सुनेला म्हणायचे, खंथ करत बसू नकोस. तीही म्हणायला लागली. काय मेलं माझं डोकं! त्या गृहस्थांना विचारलंसुद्धा होतं, आणखी एकदा भिंग लावलं असतं तर..."

तेवढ्यात फोनमागून एक बारीक, वैतागलेला आवाज आला. "आजी, तू परत खंथतेयस!"

बाईंनी फोन जवळ ओढला.

"कोण गं ते?" नवी मुलगी पुढे वाकली.

"नात. सात वर्षांची. कोशबिश काही बघितलेला नाही हो तिने, नुकती जोडाक्षरं वाचायला लागलीय."

"ती 'खंथतेयस' म्हणाली. आक्का, तुम्ही असं म्हणता?"

"छे! मी आपली 'खंथ करू नकोस' म्हणते. हे तिचंच."

नव्या मुलीचे डोळे चमकले. "बाई, हे कुणी शिकवलेलं नाही. पोरीने नामाचं क्रियापद केलंय, नियमाने, जिवंत शब्दाचं करावं तसं."

"एक घर म्हणजे भाषा नव्हे," बाई म्हणाल्या.

"मग किती घरं म्हणजे भाषा?"

बाईंनी चष्मा पुसला. मग लाल पेन्सिल खाली ठेवून त्यांनी कोरी चिठ्ठी पुढे ओढली.

या आवृत्तीत मी नाही. माझ्यावर बाईंनी आडवी रेघ मारली आणि 'अपपाठ, रवंथ पहा' असं लिहिलं. अपपाठ म्हणजे चुकीचं वाचन. लिहिताना दुखलं, पण एवढ्या वर्षांत माझ्याबद्दल खरं असं पहिल्यांदाच कुणी लिहिलं. प्रश्नचिन्हही पुसलं गेलं.

आता मी खिडकीजवळच्या पुठ्ठ्याच्या खोक्यात असते. छापायचे की नाही ते अजून ठरलेलं नाही अशा शब्दांचं ते खोकं. पाच वर्षं वाट बघायची, कुणी आपणहून बोलतं का ते पाहायचं. माझ्यासाठी नव्हे. माझं ठरलंय. वाट बघायची ती मला टाचणीने जोडलेल्या त्या कोऱ्या चिठ्ठीसाठी, जी आता कोरी नाही. तिच्यावर लिहिलंय: खंथणे, क्रियापद. आणि वाक्य: 'आजी, तू परत खंथतेयस!'

माझ्यावरचं वाक्य कुणी कधी बोललंच नव्हतं. तिच्यावरचं एका पोरीने खरोखर म्हटलंय, अगदी वैतागून.

ती नवी चिठ्ठी निवांत झोपते. मी जागी. खोक्याचं झाकण हललं की वाटतं, आले. एक माणूस, एक घर, तेवढ्यावर कसं तगायचं? ती नात मोठी होईल, शाळेत कुणी हसेल, ती लाजून 'खंत करतेयस' म्हणायला लागेल. झालं मग.

म्हणून तुम्हाला एवढंच सांगते. या नव्या चिठ्ठीची दया येऊन तिचा शब्द वापरू नका. तसं बोललेलं इथे धरत नाहीत, बाई फार कडक आहेत. पण तुमच्या घरी एखादं लेकरू चुकून असं काही बोललं, जे कुठल्याच कोशात नाही आणि तरी तुम्हाला लगेच कळलं, तर त्याला एकदम "असं नाही म्हणायचं" असं म्हणू नका. आधी जरा ऐका.