कणगीचा बोळा

मित्रांनो, कळवणच्या पश्चिमेला डोंगर लागतात, तिथल्या एका पाड्यावर सगुणाबाईच्या पडवीत धान्याची एक जुनी कणगी बसलेली आहे. ती मी. बांबूच्या कामट्यांची, शेणामातीनं लिंपलेली, पुरुषभर उंच. बसून बसून तळ दुखायला लागलाय बघा माझा. फार बोलायची मला सवय नाही, पण यंदा जे झालं ते कुणाला तरी सांगितल्याशिवाय जीव हलका व्हायचा नाही.

मला बहिरूबाबानं विणलं. त्याला जाऊनही आता बरीच वर्षं झाली. एका वर्षी पावसानं दडी मारली आणि श्रावणात पाड्यावरच्या चार घरांत चूल पेटली नाही. शेजाऱ्यांना ते कळलंही नाही, कारण मागायला कुणी बाहेरच पडलं नाही. आपली माणसं अशीच, उपाशी राहतील पण तोंड उघडणार नाहीत. तेव्हा बहिरूबाबानं मला विणताना तळाशी मूठ जाईल एवढं भोक ठेवलं आणि त्यात चिंध्यांचा बोळा कोंबला.

मग तो पाड्याला म्हणाला, "सुगी झाली का घरटी दोन सुपं नागली हिच्यात वरून ओतायची. आन् ज्याच्या घरात काहीच उरलं नाय, त्यानं बोळा काढायचा, लागंल तेवढी घ्यायची, बोळा परत लावायचा. कुणी इचारायचं नाय, कुणी बघायचं नाय." नागली म्हणजे आपली नाचणी.

पडवी सगुणाबाईची, म्हणून राखणही तिचीच. राखण म्हणजे काय, तर कुणी पडवीत शिरलं की तिनं पाठ फिरवून भाकरी थापत बसायचं. मी मात्र हातांवरून माणसं ओळखायची. एकदा एका बाईनं दोन मुठी घेतल्या आणि त्यातली अर्धी मूठ पुन्हा आत टाकली. मला मेलीला बोलता आलं असतं तर म्हटलं असतं, अगं घे की बाई, तुझंच आहे ते!

बहुतेक लोक सुगीनंतर नेलेलं आणून ओतायचे, वर एक ओंजळ जास्तच. काहींना नाही जमलं, पण त्याचा कुणी बाऊ केला नाही. एका वर्षी तर माझा तळ दिसला, आत वारा घुमायला लागला. त्या वर्षी पाड्यावरचं एकही घर उपाशी झोपलं नाही. माझ्या आयुष्यातलं ते सगळ्यात चांगलं वर्ष होतं.

मग माझं कौतुक सुरू झालं आणि तिथंच घात झाला.

तीन वर्षांपूर्वी कुठल्याशा संस्थेची माणसं गाडी घेऊन आली. माझ्याभोवती फिरली, "वा, वा" म्हणाली, आणि चांगल्या कणग्यांना बक्षीस ठेवून गेली. पाड्यावर समिती झाली. देवराम तिचा अध्यक्ष. शिकलेला, धडपड्या माणूस, मनानं वाईट नाही हो, खोटं कशाला बोलू! पण त्याच्या डोक्यात बक्षीस शिरलं. नागली काळपट, फोटोत उठून दिसत नाही, म्हणून ती वाटून टाकली आणि पांढराशुभ्र तांदूळ भरला. नागली वर्षानुवर्षं टिकते आणि तांदळाला पावसाळ्यात कीड धरते, हे पाड्यावरच्या शेंबड्या पोरालाही ठाऊक. पण तेव्हा कुणाला सुचलं नाही. भोकातून उंदीर शिरतील म्हणून तेही शेणामातीनं बुजवलं आणि त्यावर पांढऱ्या रंगानं फेर धरून नाचणारी माणसं काढली. वरच्या झाकणाला कुलूप बसलं. किल्ली सगुणाबाईच्या कमरेला आली.

नियमही झाले. धान्य हवं असेल त्यानं समितीला विचारायचं, तिघांच्या सह्या घ्यायच्या, आणि बाकीचे सगळे उपाय थकले असतील तरच यायचं. त्या वर्षी सगळ्यात भरलेली कणगी म्हणून आमचा पहिला नंबर आला. तेव्हापासून मला उणी करायची कुणाची छाती होईना. मी पाड्याची अब्रू झाले ना! गळ्यापर्यंत भरलेली, आणि कुणाच्या कामाची नाही. तो थकवा काय सांगू तुम्हाला?

यंदा आषाढात केरू परत आला. हा आमच्या पाड्याचाच. सातपूरला एका कारखान्यात कंत्राटावर होता. एका सकाळी वीसजणांना गेटवरूनच माघारी पाठवलं. बायको आणि सातवीतली पोरगी हर्षाली इथं पाड्यावर असायच्या. त्यांना तिकडं न्यायचं म्हणून त्यानं रेशनकार्डावरची नावं शहरात हलवली होती, ती परत यायला दोन महिने लागणार होते. शेतात नुकती लावणी झालेली. घरातले डबे खडखडीत.

केरू पडवीत आला. खाली मान घालून बोलला. देवराम म्हणाला, "केरूदादा, मी नाय म्हणत नाय. पण ही शेवटची सोय हाय. तुझी शेळी हाय ना अजून?"

केरूनं शेळी विकली. पंधरा दिवसांनी पुन्हा आला.

"देवळ्याला मेहुणा हाय ना तुझा? त्याला इचारलंस का?"

मेहुण्याकडून चार किलो बाजरी आली, ती संपली. केरू तिसऱ्यांदा आला, तेव्हा देवराम म्हणाला, "सोमवारी बैठक हाय. अर्ज ठेवू आपण." सगुणाबाई तिथंच बसली होती, पदराशी चाळा करत. किल्ली तिच्या कमरेलाच होती. आणि बोलायला मला तर तोंडच नाही.

केरू सोमवारी आलाच नाही. रविवारी सकाळी तो बायकोला आणि पोरीला घेऊन देवळ्याच्या बसला निघाला. कांदा साठवायच्या चाळीत कांदे निवडायचं काम मिळालं होतं, तिघांनी केलं तरच पोटापुरतं. जाताना हर्षाली पडवीत धावत आली.

"आज्जे, माझं दप्तर राहू दे इथं. तिकडं खराब हुईल."

तिनं दप्तर मला टेकवून ठेवलं, अगदी त्या बुजवलेल्या भोकापाशी, आणि पळत गेली.

आठ दिवसांनी सगुणाबाई ते दप्तर उचलायला वाकली आणि तशीच थांबली. दप्तरावर पांढरं पीठ साचलं होतं. माझ्या लिंपणाच्या भेगांतून ते झरत होतं, आणि त्यातून बारीक काळे सोंडकिडे चालले होते.

"आगं बया!" ती म्हणाली. तिनं खुरपं घेतलं आणि नाचणाऱ्या माणसांवर घातलं. लिंपण फुटलं, भोक उघडलं, आणि तांदळाच्या जागी जाळ्यांचे गोळे आणि किडे बदाबदा पडवीत सांडले. मला लाज वाटली, मित्रांनो. एवढी भरलेली मी, आणि माझ्यात हे!

देवराम धावत आला. "काकू, हे काय केलंत? पुढच्या महिन्यात परत फोटोला येणार हायत ती लोकं!"

"मंग त्यास्नी हे दाव!" सगुणाबाई ओरडली. मग खालीच बसली आणि रडायला लागली. "तुला एकट्याला काय बोलू? किल्ली लावून मीच बसले होते ना रं. आधी पाठ फिरवायची मी, आता कणगीकडं तोंड करून राखत बसले, आन् धान्य द्यायचं सोडून पोरीचं दप्तर ठेवून घेतलं."

तो तांदूळ कोंबड्यांनी खाल्ला. मला आतून झाडून, उन्हं देऊन पुन्हा लिंपलं. घरोघरची उरलीसुरली नागली आली, पहिलं सूप देवरामनंच आणलं. कुलूप गेलं, नवा बोळा आला.

सगुणाबाई दप्तर आणि नागलीची पिशवी घेऊन देवळ्याला जाऊन आली. केरूनं नागली घेतली, पण येता येईना. दिवाळीपर्यंत काम कबूल करून बसला होता. हर्षाली म्हणाली, "आज्जे, दप्तर परत घेऊन जा. तिकडंच बरं हाय. दिवाळी झाली का मी येते."

मित्रांनो, तुमच्या गावात माझ्यासारखी कुणी असेल, तर ती किती भरलीय हे बघून टाळ्या वाजवू नका. वाकून तिचा बोळा बघा. तो सहज निघतो का, आणि काढणाऱ्याला कुणी काही विचारत तर नाही ना, एवढं बघा. शेवटच्या वेळेसाठी ठेवलेलं धान्य शेवटची वेळ आली की द्यायचं असतं. एवढं साधं आहे, पण आमच्या पाड्याला ते फार उशिरा आठवलं.

आता दिवाळी होऊन महिना झाला. रोज सकाळी सगुणाबाई माझा बोळा सैल आहे ना ते बघते, आणि मग माझ्या वरच्या खुंटीवरच्या दप्तराची धूळ झटकते.