वजनदार माणूस

लिफ्ट हलेना. चौघे आत, दार उघडं आणि जादा वजनाची घंटा केकाटतेय.

"कुणीतरी एकजण उतरा," गिटारवाली म्हणाली आणि छताकडे बघू लागली. छताकडे बघणारा माणूस कधी उतरत नसतो.

"मला दम राखून ठेवावा लागतो. ड्रम आहेत," ड्रमवाला म्हणाला.

"माझा गळा आहे," गायक म्हणाला. गळ्याला जिना चढवत नाही, हे सगळ्यांनी मान्य केलं.

मग तिघांनी दाजींकडे पाहिलं. दाजी पोटासाठी लिफ्ट दुरुस्त करायचे आणि हौसेसाठी बास गिटार वाजवायचे. घंटेशी हुज्जत घालण्यात अर्थ नसतो, हे धंद्यातल्या माणसाला कोण सांगणार? ते गिटारीसकट उतरले.

चार रॉक बँडमधून एकेक कलाकार उचलून एकच महाबँड उभा करायचा, ही एका कार्यक्रमवाल्याची कल्पना. त्याने चारही बँडना निरोप धाडला होता: 'तुमच्यातला सर्वांत वजनदार माणूस पाठवा. तालीम भर दिवसा.' दाजींच्या बँडने दाजींना पाठवलं. त्यांचे पाय जमिनीला लागेनात. मग बायकोने सहज विचारलं, "वजनदार म्हणजे, कुठल्या अर्थाने?"

तेव्हापासून दाजींना जेवण जात नव्हतं. निदान तिसऱ्यांदा वाढून घेताना तरी.

जिन्यात धाप लागली, तसे ते थांबले आणि त्यांनी मेहुण्याला फोन लावला. मेहुणा जुन्या बँडचा गायक. त्याचे दाजी म्हणून ते अख्ख्या बँडचेच दाजी.

"मला का पाठवलंत रे?"

"निरोप आला होता ना."

"हो, पण वजनदार म्हणजे... मानाने, की मापाने?"

"खरं सांगू का दाजी? तुमची रजा शिल्लक होती. बाकी कुणाचीच नव्हती."

दाजींनी कठडा धरला. हा अर्थ बायकोलासुद्धा सुचला नव्हता.

"बरं. ठेवतो."

"थांबा हो. तुम्ही गेल्यापासून आमचा ड्रमवाला दुसऱ्या कडव्यानंतर भरकटतोय. म्हणतो, दाजींकडे बघून वळायचो, आता कुणाकडे बघू?"

"मग काय करता?"

"थांबतो. एकमेकांकडे बघतो. घरी जातो. आत्ता जेवणाच्या सुट्टीत सगळे वाजवायला जमलोय, तेवढा तुकडा फोनवर तोंडाने द्याल?"

"तोंडाने बास वाजत नसतो."

"तुमच्या वाजतो. आंघोळ करताना ऐकलाय. ताईच्या घरी येणाऱ्या सगळ्यांनीच ऐकलाय."

वरून गिटारवालीची हाक आली, "दाजी, अडकलात का?"

"जिन्यात कसा अडकेन?" दाजींनी वर सांगितलं आणि गिटार भिंतीला टेकवली. फोनमध्ये दुसरं कडवं संपत आलं होतं. त्यांनी डोळे मिटले.

"डुं. डुडुं. डुं डुं..."

पलीकडे ड्रम बरोबर वळले.

खालून एक बाई जड पिशवी घेऊन चढत होत्या. दाजींनी जिना पुरता अडवला होता. बाईंनी वाट मागितली नाही. पिशवी पायरीवर ठेवली आणि त्या ऐकत उभ्या राहिल्या.