तीनशे नंबरचा खण

सागवानाची मांडणी आहे मी, साठ खणांची. दवाखान्याच्या मागच्या व्हरांड्यात उभी असते. कागदांसाठी लोखंडी कपाटं आली, नंबरांचं नवं पुस्तक आलं आणि माझ्या खणांत फिनेलचे डबे आले. तरी मित्रांनो, मला भंगार म्हणाल तर खबरदार! माझ्या पोटातून कधी एक कागद गहाळ झाला नाही. तुमच्या दप्तरात भूगोलाची वही सापडते का, ते आधी बघा.

जिंतूरच्या बन्सीधर सुतारानं मला घडवलं. नामांतराच्या दंगलीनंतरचं साल होतं, एस.टी. गाड्या नुकत्या सुरळीत झाल्या होत्या. "माल लय वजनी हाय, जपून घ्या," असं तो हमालांना म्हणाला तेव्हा माझी छाती फुगली. परभणीच्या एका दवाखान्यात, कागदांच्या खोलीत, खिडकीसमोर मला उभं केलं.

माझं काम नीट ऐका. डॉक्टर रोग्याच्या कागदावर आजाराचं नाव लिहीत. मग दत्तोपंत कारकून जाडजूड पुस्तकात बघून त्या आजाराचा नंबर कागदावर टाकत. नेहमीच्या आजारांचे पुस्तकातले नंबर माझ्या साठ खणांवर लिहिलेले. ज्या नंबरचा आजार, त्या नंबरच्या खणात कागद. वर्ष सरलं की कोरा कागद वर, जुना त्याच्याखाली टाचलेला. डॉक्टर बदलून जात. नवा डॉक्टर वरचा नंबर बघून उपचार पुढे चालवी. तेव्हा नंबर चुकला की पुढचं सगळं चुकलंच म्हणून समजा.

तीनशे नंबरचा खण मनाच्या दुखण्यांचा. एखाद्याला सदा न् कदा, कारण असो नसो, कशाची ना कशाची धास्ती वाटते, तो काळजीचा आजारही त्यातच. हा खण नेमका खिडकीबाहेरच्या रोग्यांच्या रांगेला दिसे. रांगेतले लोक कमी का शहाणे! "तीनशेतून कागद निघाला, म्हंजे डोस्कं फिरलं," असं त्यांनीच ठरवून टाकलं. एकदा रांगेतल्या एका पाहुण्यानं आपल्या होणाऱ्या सुनेचा कागद तिथून निघताना बघितला. सुपारी फुटलेली सोयरीक मोडली.

दत्तोपंत दोन दिवस धड जेवले नाहीत. भला माणूस, पण भल्या माणसाची चूक फार महाग पडते. त्यांनी काळजीच्या आजाराच्या नव्या कागदांवर गुपचूप सातशे ऐंशी नंबर टाकून ते त्या खणात घालायला सुरुवात केली. तो खण अशक्तपणाचा. अशक्तपणाला कोण हसतं? मला ते कळत होतं. मी कुरकुरले. पण लाकूड कुरकुरलं की लोक म्हणतात, हवा बदलली.

त्यातच पिंगळीच्या धुरपताबाईंचा कागद होता. खातीपिती शेतकऱ्याची बाई. पण लेक मानवतच्या बाजाराला गेला की एस.टी. उलटली असेल. सासू खोकली की ती आता जाणार. आभाळ आलं की छप्पर उडणार. हाताला घाम, छातीत धडधड, मान ताठलेली, झोप नाही. पहिल्या डॉक्टरांनी आजार बरोबर ओळखला होता. गोळ्या लिहिल्या, दर पंधरा दिवसांनी मंगळवारी येऊन बोलत जा म्हणाले. मग त्यांची बदली झाली. नव्या डॉक्टरांनी सातशे ऐंशी बघितलं आणि सलाईन लावलं. त्यांच्यानंतरच्यांनीही सलाईनच. तीन वर्षं बाई सुया टोचून घेत राहिल्या आणि काळजी तसूभर हलली नाही.

एक दिवस त्यांची लेक मनकर्णा त्यांना घेऊन खिडकीशी आली. सातवा महिना होता. पहिलं बाळंतपण माहेरी व्हायचं, ही तर रीतच. पण धुरपताबाईंची सासू सरजाबाई अडून बसली होती. म्हणे, "आईच दाराआड बसून थरथर कापतीय, ती लेकीचं काय करंल? तिकडंच होऊ दे." मनकर्णाचे वडील माणिकराव जावयाला तसं पत्र घालायला निघाले होते. आता बाई बऱ्या होतात की लेकीचं माहेर बंद होतं, एवढाच प्रश्न उरला होता.

"काका, आईला झालंय तरी काय?" मनकर्णानं विचारलं.

"अशक्तपणा," दत्तोपंत खाली बघत म्हणाले.

"तीन वर्सं सलाईन चालूच हाय. एवढ्या पाण्यात कापूस भिजला असता आमचा! खालचा जुना कागद दाखवा बरं."

मुलगी दहावी झालेली होती. तिनं पहिल्या डॉक्टरांचं अक्षर लावून वाचलं. मग वरचा नंबर बघितला. दत्तोपंतांना खरं सांगावंच लागलं. मोडलेली सोयरीक सांगितली, स्वतःची भीती सांगितली.

"म्हंजे लोक येडी म्हनतील म्हनून तुमी तिला दुखण्यातच ठेवली व्हय?"

दत्तोपंतांनी हातातलं पेन खाली ठेवलं. माझ्या खुंट्या सैल झाल्यासारख्या वाटल्या मला. तेवढ्यात धुरपताबाई हळूच म्हणाल्या, "भाऊ, याला नंबर हाय?"

"आहे, बाई."

"मंग हे आनखी कुनाला व्हतं? मला वाटायचं, साऱ्या जगात म्या एकलीच अशी."

दत्तोपंतांनी सातशे ऐंशीचा खण उपसला. एकेक कागद उलटून बघितला आणि काळजीच्या आजाराचे बाजूला काढले. नावं झाकून नुसता गठ्ठा त्यांच्यापुढे धरला. बेचाळीस होते.

धुरपताबाईंनी गठ्ठ्यावरून हात फिरवला.

"तुमचा कागद तीनशेत टाकू का?" दत्तोपंतांनी विचारलं. "रांगेतले लोक बोलतील."

बाईंनी पदरानं हाताचा घाम पुसला. मागून कुणीतरी ओरडलं, "आवो, आटपा की!"

"टाका," बाई म्हणाल्या. "बोलनाऱ्यांचा बी नंबर आसंल की पुस्तकात."

त्या दिवशी दत्तोपंतांनी चार हमाल बोलावले आणि मला फिरवून घेतलं. माझी पाठ खिडकीकडे, खण आत. गठ्ठ्यातले बाकीचे कागदही तीनशेत परत आले. हे आधीच करायचं होतं, पण शहाणपण उशिरा येतं.

डॉक्टरांनी तीनशे बघितलं आणि गोळ्या सुरू झाल्या, मंगळवारचं बोलणं सुरू झालं. माणिकरावांनी पत्र खिशातच ठेवलं. तीन मंगळवार बाई आल्या. चौथ्या मंगळवारी आल्याच नाहीत. दत्तोपंत दर गाडीला दाराशी जात. पुढचे आठ दिवस आम्हा दोघांना कसली कसली चिंता लागली, काही विचारू नका.

नंतरच्या मंगळवारी त्या आल्या. घाईत, पदर खोचलेला.

"येळच न्हाई मिळाला, भाऊ. मनकर्णीला आमच्याकडं मुलगी झाली. दिस भरायच्या आधीच कळा आल्या."

"आणि तुमची छाती?"

"लय धडधडली की! पर सासूबाईची बी धडधडत व्हती, मालकाची बी. मंग म्या म्हनलं, धडधडू दे, आन् पानी तापवाया गेले."

मित्रांनो, मनाच्या दुखण्याला त्याच्या खऱ्या नावानं हाक मारा, म्हणजे त्याला औषध सापडतं. आणि दुसऱ्याच्या कागदात डोकावून त्याला हसू नका. हसायचंच असेल तर मला हसा. मी लाकडाची आहे, मला लागत नाही.