पणजोबांचं वादळ

आमच्या घराण्यात सांगण्यासारखा माणूस एकच झाला, पणजोबा. पुरावा म्हणून मिनिटभराची मूक फिल्म आहे. भर वादळात हेलकावणारं जहाज, धो धो पाऊस आणि डेकवर हात उंचावून खलाशांना हुकूम सोडणारी धूसर आकृती. आत्या ती फिल्म येईल त्या पाहुण्याला दाखवते. पाहुणे हात जोडतात. न जोडण्याची कोणाची बिशाद आहे!

तिच्या ऐंशीव्या वाढदिवसाला मला सुचलं, फिल्म चकाचक करून द्यावी. जुन्या फिल्मा दुरुस्त करणं हाच माझा धंदा. हात दाखवून अवलक्षण, दुसरं काय! फिल्म धुतली, ओरखडे पॉलिशने बुजवले, मशीनचे दात ज्यांत अडकतात ती कडेची फाटकी भोकं नीट केली आणि मशीनवर चढवली.

पाऊस गायब! अहो, पाऊस नव्हताच तो, ओरखडे होते. भोकं नीट झाली तशी फिल्म हिसके खायची थांबली आणि जहाजही गपगार. समुद्र परातीतल्या पाण्यासारखा, जहाज धक्क्याला दोरखंडाने बांधलेलं. पणजोबा उलट्या बादलीवर बसून पाव खात होते आणि तो हुकमाचा हात पाव पळवणाऱ्या पक्ष्याला हाकलत होता. ज्या वादळावर आत्या जन्मभर ताठ मानेने मिरवली, ते मी कापसाच्या बोळ्याने पुसून टाकलं होतं.

वाढदिवसाला सगळं गणगोत जमलं. "लाव रे!" आत्या म्हणाली. लावली, आणि प्रोजेक्टरचं टेबल गुडघ्याने गदागदा हलवायला लागलो. भिंगापुढे कंगवा नाचवला, पाऊस नको का? वादळ असं जमलं की काका खुर्ची घट्ट धरून बसले आणि वहिनी तोंडाला रुमाल लावून बाहेर पळाली. टाळ्या पडल्या. "पुन्हा! पुन्हा!" तिसऱ्या खेपेला माझा गुडघा बोंबलायला लागला; क्षणभर थांबलो आणि पुन्हा हलवायला लागलो.

आत्या उठून माझ्याजवळ आली. तिने कंगवा हिसकावून घेतला.

"गुडघा थांबव."

"आत्या, अगं, पण वादळ..."

"मेल्या, वादळ मी जन्मभर बघितलंय. मघाशी तू दमून थांबलास तेव्हा त्यांचं तोंड दिसलं. आजोबांना मी कधी पाहिलंच नाही रे."

मी गुडघा थांबवला. पडद्यावर पणजोबा निवांत पाव चावत होते. आत्या थेट पडद्याला जाऊन भिडली आणि सगळ्यांकडे वळून ओरडली, "बघा, बघा! नाक माझंच आहे!"