टाकीवरची पांढरी रेघ

दिवस पहिला.
आंजी गावची पाण्याची टाकी गळते. डोमाजी गवंड्यानं ती बांधली त्याला अठ्ठावीस वर्षं झाली. तेव्हाच गाव म्हणालं होतं, यानं चांगली रेती विकून खारवट घातली. सिद्ध झालं नाही. विसरलंही कोणी नाही.
वर्ध्याच्या कॉलेजातून आकांक्षा आली. तिनं फटीत बाटलीतलं गढूळ पाणी भरलं. त्यात जिवाणू आहेत, म्हणाली. गोगलगाय शंख करते तसा ते दगड करतील, फट बुजेल. एकवीस दिवसांत गळती थांबली नाही तर टाकी पाडायची, असं पंचायतीत ठरलेलं.
गढूळ पाण्याचा दगड? डोमाजीला वाटलं, ही पुरावा गोळा करायला आली आहे. कोणी धाडली असेल?

दिवस सहावा.
फटीत पांढरं दिसलं.
लोणा. रेतीत मीठ असलं की भिंतीतून असाच फुटतो. जुने गवंडी आधी जिभेला लावून पाहतात. डोमाजीनं लावला नाही. तारेचा ब्रश आणला.

सात. आठ. नऊ. अठरापर्यंत.
सकाळी सहाला ब्रश. दहाच्या बसनं आकांक्षा. वही, फोटो, कपाळावर आठी. जिवाणू मेले, की आणखी काही? डोमाजीला त्याच्या बायकोनं, सुलोचनाबाईनं विचारलं, रोज कोणाच्या भिंती घासून येता? त्यानं धोतर झटकलं.

दिवस एकोणीस.
"काका, कोणीतरी घासून राह्यलं इथं," आकांक्षा म्हणाली.
"बकऱ्या असतीन."
"बकऱ्या ब्रश घेऊन येतात का?"
तिनं त्याला टाकीच्या पाइपामागं नेलं. तिथं ब्रश पोहोचत नव्हता. फट पांढरी, गच्च भरलेली. खाली जमीन कोरडी. डोमाजीनं नखानं खरडलं, निघेना. जेमतेम भुकटी बोटाला लागली. ती जिभेवर ठेवली.
खारट नव्हती. पाटीवरच्या पेन्सिलीसारखी लागली.
"तुमच्या रेतीत मीठ नाईच, काका. मी पहिल्याच दिवशी तपासली. वहीत लिहून आहे."
डोमाजीनं वही मागितली नाही. पिशवीतून ब्रश काढून तिच्यापुढं धरला.

दिवस एकवीस.
पाइपामागं कोरडं. बाकी टाकी गळतेच. पंचायत जमली. कोणी विचारायच्या आत डोमाजी म्हणाला, "मी घासलं."
सरपंच जयवंताबाईंनी फक्त कारण विचारलं, "काऊन?"
माणसं पुढं सरकली. लपवत होता म्हणजे काहीतरी होतंच, असं प्रत्येकाच्या तोंडावर लिहिलेलं.
"अठ्ठावीस वर्षं तुमचं आयकलं," डोमाजी म्हणाला. "मग मलेच माह्या रेतीचा भरवसा राह्यला नाई."
पंचायतीनं टाकी पाडायचं पुढं ढकललं.
आणखी एकवीस दिवस मिळाले. ब्रश पंचायतीच्या कपाटात ठेवला. वरून कुलूप लावलं, आणि किल्ली जयवंताबाईंनी घरी नेली.