मिसेस प्लॉटकिन बसून होत्या

“ते यंत्र जरा पलीकडे सरकव, पोरी. पीठ उडेल त्यावर,” युडीन म्हणाली.

ओडेसाने टेपरेकॉर्डर वीतभर सरकवला. बंद मात्र केला नाही.

“आणि आल्यापासून माझ्या तोंडाकडे काय टक लावून बसलीस? समोर ब्रेड ठेवलाय, तो खा.”

“बोलताना तुमची डावी भुवई वर जाते, मिस युडीन. ती बघतेय.”

“ऐकलंस का, व्हर्ना? भुवईसुद्धा नेणार ही नाटकात.”

मी सिंकपाशी नारळ खवत होते. युडीन ग्रीनिज आणि मी बार्बेडोसमधल्या एकाच चर्चच्या. ब्रुकलिनला ती आधी आली, मागून मी. तिच्या घराच्या वरच्या मजल्यावर चार महिन्यांसाठी म्हणून राहायला गेले ती तिथेच म्हातारी झाले. युडीनचा सगळा जन्म इस्पितळाच्या धुलाईखात्यात चादरींना इस्त्री करण्यात गेला. नवरा लवकर गेला. एक मुलगा होता, कार्लाइल, लिफ्ट दुरुस्त करायचा. तोही गेला. तिच्याबद्दल कुणाला सांगायचं तर एवढंच. पण ओडेसाला एवढ्यावर भागणार नव्हतं.

ओडेसा नटी होती. एकटीच नाटक करायची. आमच्या वस्तीत आम्ही काळे आणि ज्यू यांच्यात ज्या उन्हाळ्यात दगडफेक झाली, त्याबद्दल ती दोन्हीकडच्या घराघरांत जाऊन माणसांना बोलतं करत होती. मग तेच बोलणं पाठ करून स्टेजवर त्या त्या माणसासारखं बोलून दाखवणार होती.

“जे बोललात तेच, आणि जसं बोललात तसंच,” ती म्हणाली. “खोकलात तर खोकणार, अडलात तर अडणार. माझ्या पदरचा एक शब्द नाही.”

“आणि शेजारी काय बोलले ते?”

“ते स्टेजवरच कळेल. एका घरातलं मी दुसऱ्या घरात नेत नाही. नेलं तर उद्यापासून कोणी दार उघडणार नाही मला.”

“शेजारी गेली होतीस?”

ओडेसा हसली आणि तिने ब्रेडचा तुकडा मोडला.

शेजार म्हणजे मिसेस प्लॉटकिन, ज्यू. दोन्ही घरांची भिंत एक, बाहेरच्या पायऱ्यांना मधला लोखंडी कठडाही एकच. त्यांना आठ मुलं. दिवसभर मोज्यांच्या दोऱ्या वाळत पडलेल्या असायच्या. त्यांचं खाण्यापिण्याचं सोवळं कडक. आमच्या भांड्यात शिजलेलं चालायचं नाही. म्हणून युडीन कठड्यावरून आख्खं फळ द्यायची, सुरी न लावलेलं. पपई, आंबा, मिळालं तर सीताफळ. तिकडून मधाचा केक यायचा. इतकी वर्षं शेजारी राहून दोघींनी एकमेकींना नावाने कधी हाक मारली नाही. ती मिसेस ग्रीनिज, त्या मिसेस प्लॉटकिन.

शुक्रवारी सूर्य मावळला की त्यांनी दिवा लावायचा नाही की विझवायचा नाही. दुसऱ्याला ‘विझव’ असं सांगायचंही नाही. मग कधी चुकून एखादा दिवा राहिला, की मिसेस प्लॉटकिन पायऱ्यांवर येऊन उभ्या राहत आणि रस्त्याकडे बघत म्हणत, “आमच्या धाकटीला उजेडात झोप येत नाही.” युडीन हातातलं काम टाकून उठायची, नाहीतर कार्लाइलला पाठवायची. मी एकदा म्हटलं, “सरळ सांगायला काय होतं गं त्यांना?” तर युडीन म्हणाली, “सांगायला कशाला हवं? मला कळतं ना.”

त्या उन्हाळ्याबद्दल मी फार सांगणार नाही. दोन-तीन रात्री बाटल्या फुटत होत्या. कोपऱ्यावर एक गाडी जळत होती. कार्लाइल कामावरून त्या धुरातून चालत आला. त्याला लहानपणापासून दम्याचा त्रास. रस्ते बंद केलेले, रुग्णवाहिका दोन चौक पलीकडे अडकलेली. आम्ही त्याला खुर्चीवर बसवून तिथपर्यंत नेलं. उजाडायच्या आत तो इस्पितळात वारला.

त्याला कुणी मारलं नव्हतं. युडीनला हेच सोसलं नाही. कुणी मारलं असतं तर बोट दाखवता आलं असतं, त्याचं नाव पेपरात आलं असतं, लोकांनी फलक धरले असते. दम्याने गेलेल्या माणसासाठी कोण घोषणा देणार?

दफन होईपर्यंत रोज संध्याकाळी घर भरलेलं असे. आमच्यात तशीच रीत आहे. माणसं येतात, भजनं म्हणतात, तळलेले मासे असतात, रम असते, डॉमिनोजच्या सोंगट्या टेबलावर आपटत असतात. गेलेल्याच्या गमती सांगून लोक हसतात आणि हसता हसता रडतात. अशा एका संध्याकाळी मिसेस प्लॉटकिन आल्या.

पायऱ्यांवर आमची तरणी पोरं बसलेली. “रस्ता चुकलात की काय, बाई?” एकजण म्हणाला. दुसरा म्हणाला, “जाऊ दे रे. बघायला आलीय त्यांच्या लोकांचं काम नीट झालं का ते.” त्या तशाच पोरांमधून वर आल्या. डोक्याला करडा रुमाल, हात रिकामे. दार उघडंच होतं. आत येऊन त्या भिंतीकडेच्या खुर्चीत बसल्या. डॉमिनोजच्या सोंगट्या थांबल्या.

आम्ही बार्बेडोसची माणसं. आमच्याकडे दुसऱ्याच्या उंबऱ्यात पाऊल टाकताना ‘गुड इव्हिनिंग’ म्हणणार नाही तो एक चोर नाहीतर भूत. शत्रू असला तरी आधी ते म्हणेल, मग भांडेल. मिसेस प्लॉटकिन काहीच म्हणाल्या नाहीत. गुडघ्यांवर हात ठेवून युडीनकडे बघत बसल्या. युडीन त्यांच्याकडे बघत होती. आमच्या चर्चमधल्या डीकन पिलग्रिमने एक भजन सुरू केलं, ते संपलं, दुसरं झालं. मग मिसेस प्लॉटकिन उठल्या आणि आल्या तशा निघून गेल्या.

“एक शब्द नाही,” युडीन त्या टेपरेकॉर्डरला सांगत होती. हाताला पीठ, भुवई वर. “माझ्या घरात, माझं लेकरू गेलेलं असताना, गुड इव्हिनिंग नाही. मी कुत्रं आहे का? दगडासारखी बसली. मी म्हटलं, बस बाई. आमची माणसं किती उरली ते मोजायला आलीस, मोज.” ती थांबली. “हे घाल तुझ्या नाटकात. पुढच्या रांगेत बसव तिला. ऐकू दे.”

“त्या नाटकाला जात नाहीत, मिस युडीन.”

“मग कुणीतरी जाऊन सांगेल. तिच्या कानावर गेलं पाहिजे. तिने एकदा माझ्या दारात येऊन सांगावं, का ते. मला दुसरं काही नको.”

ओडेसा काहीतरी बोलणार होती असं मला वाटलं. पण तिने ओठ मिटले आणि ब्रेडवर उडालेलं पीठ बोटाने झटकलं.

त्या गोष्टीला तेव्हा तीन वर्षं झाली होती. तीन वर्षं कठड्यावरून फळ गेलं नव्हतं, केक आला नव्हता. शुक्रवारी कधी शेजारच्या स्वयंपाकघरात दिवा राहिला तर तो रात्रभर जळत राही. युडीन पडदा बाजूला करून बघायची आणि पडदा सोडून द्यायची.

नाटक वसंतात होणार होतं. जानेवारीत मिसेस प्लॉटकिन वारल्या. न्यूमोनिया. आम्हाला कळलं ते रस्त्यावर काळ्या टोप्या दिसल्या तेव्हा. त्यांच्यात उशीर करत नाहीत, त्याच दिवशी नेलं. युडीन खिडकीत पडद्याआड उभी होती.

मी म्हटलं, “जाऊन येऊ या का?”

“काय करायला? तिच्यासारखं गप्प बसायला?”

“मुली आहेत तिच्या.”

“मुलींचं माझ्याशी काही नाही.” मग पडदा सरळ करत म्हणाली, “आता कधी सांगणार ती मला?”

एप्रिलमधल्या एका रविवारी दुपारी शाळेच्या सभागृहात ओडेसाने नाटक केलं. घडीच्या खुर्च्या मांडलेल्या, मध्ये वाट. कुणी सांगितलं नव्हतं, तरी एका बाजूला आम्ही बसलो आणि दुसऱ्या बाजूला ते. त्यांच्यातले थोडेच आले होते. स्टेजवर एक लाकडी खुर्ची आणि एक खुंटाळं. त्यावर हॅट, ॲप्रन, दोन-तीन रुमाल.

पहिल्यांदा ओडेसा डीकन पिलग्रिम झाली. पाच मिनिटं नुसता घसा साफ करत होती. आमची बाजू हसून आडवी झाली. डीकन तिसऱ्या रांगेत होते. “मी इतका नाही खाकरत,” ते म्हणाले आणि खाकरले. मग ती त्यांच्यातला एक खाटीक झाली, तेव्हा पलीकडची बाजू हसली. मग ॲप्रन बांधून ती युडीन झाली.

“मी अशी चालते?” युडीन माझ्या कानात म्हणाली. “बदकासारखी?”

“अशीच चालतेस.”

पण ‘मी कुत्रं आहे का’ हे वाक्य आलं तेव्हा आमच्या बाजूला कुणी हललं नाही. युडीन ताठ बसून होती. आपलं दुःख दुसऱ्याच्या तोंडून ऐकताना ती ते तपासत होती, दुकानात कापड तपासतात तसं.

ओडेसाने ॲप्रन काढला, करडा रुमाल बांधला आणि खुर्चीत बसली. हात गुडघ्यांवर. युडीनने माझं मनगट धरलं.

“तुझं नाव ओडेसा?” स्टेजवरच्या मिसेस प्लॉटकिन म्हणाल्या. “माझी आई ओडेसा गावची. म्हणून तुला आत घेतलं, नाहीतर मी कुणाशी बोलत नाही. थांब, किटली.” त्या उठल्या, नसलेली किटली उतरवून आल्या. “काय विचारत होतीस? हो. गेले होते. मुलगे म्हणत होते जाऊ नको. मी म्हटलं, तो मुलगा एवढासा होता तेव्हापासून आमचा दिवा बंद करायला यायचा. केक देऊ का विचारलं की म्हणायचा, आधी हात धुतो. मी जाणार नाही तर कोण जाणार?”

त्यांनी रुमाल कपाळावर ओढला.

“आमच्यात काय असतं, दुखवट्याच्या घरात आपण आधी तोंड उघडायचं नाही. कसे आहात नाही, काही नाही. ज्याचं माणूस गेलं तो बोलला की बोलायचं. त्याला नसेल बोलायचं तर सोबत बसून राहायचं. आपण कोण आधी बोलणारे? तर मी बसले. ती माझ्याकडे बघत होती. मी म्हटलं, बोलेल. त्यांनी गाणं म्हटलं. छान म्हणतात. मी म्हटलं, आता बोलेल.” इथे ओडेसा थांबली, खूप वेळ. टेपवर तितकंच थांबलेलं असणार. “नाही बोलली. मग मला कळलं, मी तिला नको आहे. बरोबरच आहे. त्या दिवसांत मला तरी मी कुठे हवी होते? रीत तिला ठाऊक असेलच, इतकी वर्षं भिंतीला भिंत... चहात साखर किती घेतेस?”

एवढंच. तिने रुमाल काढून खुंटाळ्यावर टाकला आणि पुढचं माणूस झाली. पुढे कोण कोण आलं ते मला आठवत नाही. युडीनने मनगट सोडलं नव्हतं.

“गुड इव्हिनिंग म्हणायचं होतं,” ती एकदा म्हणाली. “तेवढं म्हणायचं होतं तिने.” मग म्हणाली, “मी तरी कुठे म्हटलं.”

टाळ्या झाल्या, लोक गेले. शाळेचा रखवालदार खुर्च्या मिटून भिंतीला लावू लागला. युडीन उठली आणि स्टेजच्या तीन पायऱ्या कठडा धरून चढली. ओडेसा घामाने निथळत होती, पाणी पीत होती. युडीनला बघून तिने बाटली खाली ठेवली.

“मिस युडीन, मला तुम्हाला सांगता आलं नसतं. मी शब्द दिला होता, सगळ्यांनाच. आणि त्या अशा अचानक जातील असं...”

“मी विचारलं तुला?” युडीन म्हणाली. “तो रुमाल बांध. बस तशी. ते पुन्हा म्हण.”

ओडेसाने माझ्याकडे बघितलं. तिने रुमाल बांधला. मी दुसरी खुर्ची वर नेऊन दिली. युडीन समोर बसली. ओडेसाने गुडघ्यांवर हात ठेवले आणि खालच्या आवाजात म्हणायला लागली. आईचं गाव, किटली, दिवा, केक. “तर मी बसले. ती माझ्याकडे बघत होती. मी म्हटलं, बोलेल...”

“गुड इव्हिनिंग, मिसेस प्लॉटकिन,” युडीन म्हणाली.

तिच्या चेहऱ्यावरून मिसेस प्लॉटकिन गेल्या आणि घाबरलेली एक तरुण मुलगी आली.

“मिस युडीन, याच्यावर त्या काय म्हणाल्या असत्या ते माझ्याकडे नाही. आणि मनाचं मी घालू शकत नाही. मी कुणासाठीच घालत नाही.”

“घाल म्हटलं का मी? तिच्या तोंडी तू काही घालायचं नाहीस. नुसती बस.”

ओडेसाने डोळे मिटले, उघडले. पाठ जरा वाकवली, मान एका बाजूला केली. पुन्हा मिसेस प्लॉटकिन बसल्या.

“त्याच्या बुटांना काजळी लागली होती,” युडीन म्हणाली. “मी सकाळीच फरशी पुसलेली. तो दारात आला, धापा टाकत होता, आणि मी म्हटलं, बूट बाहेर काढ, कार्लाइल, घाण करू नकोस. तो वाकला बूट काढायला. तिथेच बसला, मिसेस प्लॉटकिन. पायऱ्यांवर, आपल्या कठड्यापाशी. तो नाड्या सोडत होता आणि मी आत भाताकडे बघत होते. त्यानंतर तो बोलू शकला नाही. शेवटचं मी त्याला तेवढंच बोलले, बूट काढ म्हणून.”

इतकी वर्षं मी त्याच घरात राहत होते. हे मला ठाऊक नव्हतं.

ओडेसाने काही विचारलं नाही, मान हलवली नाही. तिचं यंत्र पिशवीत होतं, पिशवी खुंटाळ्याखाली. युडीन सांगत राहिली. तो पोटात असताना तिला कच्चा आंबा खावासा वाटायचा तिथपासून.

रखवालदाराचं सगळं आवरून झालं होतं. त्या दोन खुर्च्या तेवढ्या राहिल्या होत्या. तो त्या न्यायला वर येऊ लागला, पहिल्या पायरीवर थांबला, डोक्यावरची टोपी काढली आणि मग पाय न वाजवता बाहेर जाऊन दाराशी बसला.