शेपटीखाली ऊन पोचत नाही

मी एक पांढरा घोडा बोलतोय. आधीच माफी मागतो. माझे शब्द साधे आहेत आणि ऱ्हस्व-दीर्घाची मला खात्री नाही. शाळा पाहिली ती घोडेस्वारीची, आणि तीही लवकर सुटली. उडी मारायचा अडथळा आला की मी थांबून विचार करायचो. शिक्षक म्हणाले, "हा तत्त्वज्ञ आहे. याला गाडीला जुंपा." तेव्हापासून मी बागेत मुलांना फिरवणारी गाडी ओढत आलो.

जन्मलो तेव्हा मी काळाकुट्ट होतो. वयाबरोबर केस पांढरे होत गेले, खालची कातडी मात्र काळीच राहिली. लोक फक्त केस बघतात आणि म्हणतात, "काय शुभ्र घोडा आहे!" मी काही बोलत नाही. मुळात स्वभाव लाजरा.

माझा सांभाळ एका मोतद्दाराने केला. खरारा, चारा, साज, सगळं त्याच्याकडे. तो मला 'साहेब' म्हणतो, कारण मी कामचुकार आहे असं त्याचं मत आहे. रोज सकाळी तो माझे खूर साफ करायला येतो. "साहेब, पाय!" म्हणतो. मी ऐकत नाही. मग तो वाकून माझ्या पायाच्या नळीमागची शीर उजव्या अंगठ्याने दाबतो, तेव्हा कुठे मी पाय उचलतो. अंगठा लागल्याशिवाय उचलायचा नाही, हा माझा नेम. खूर साफ झाले की तो त्यांना काळं तेल चोळतो, तेही अंगठ्यानेच. ब्रश त्याला पटत नाही.

एका वर्षी त्याच्या हाताला माझ्या शेपटीखाली वाटाण्याएवढ्या गाठी लागल्या. त्याने दोष दिला दुमचीला. दुमची म्हणजे शेपटीखालून जाणारा साजाचा पट्टा. "घासतोय हा," म्हणून त्याने पट्ट्याला मऊ कापड गुंडाळलं. गाठी वाढल्या. त्याने कापड बदललं. गाठींना कापडाशी काही देणंघेणं नव्हतं.

पुढे त्याच्या अंगठ्याच्या नखात एक काळी रेघ आली. दोष दिला तेलाला. दुपारी डबा घेऊन येणारी त्याची बायको त्यावरून बोलायची.

"अहो, घासा ना ते नख! त्याच हाताने जेवता."

"रॉकेलने घासलं, लिंबाने घासलं. मुरलेलं आहे, असं जात नाही."

"तुम्हीच मुरलेले आहात."

रेघ रुंद झाली. कडेची कातडीही काळवंडली. मला तो अंगठा रोज कळायचा. अलीकडे तो जपून दाबू लागला होता.

शेवटी माझी एक गाठ चिघळली, तेव्हा जनावरांची डॉक्टरीणबाई आली. मोतद्दाराने माझी शेपटी वर धरली. मला फार संकोच वाटला. जागा बधिर करून बाईने तपासणीसाठी एक तुकडा काढला.

"काका, हा पट्ट्याचा दोष नाही. कातडीचा कॅन्सर दिसतोय. म्हाताऱ्या पांढऱ्या घोड्यांना फार होतो."

"कातडीचा? तो तर उन्हाने होतो ना? आणि गोऱ्या माणसांना."

"याच्या शेपटीखाली कुठे ऊन पोचतं?"

शेपटी धरलेला त्याचा अंगठा बाईच्या डोळ्यांसमोरच होता. तिने गाठींकडे पाहिलं, मग नखाकडे.

"हे काय?"

"तेल आहे हो."

"तेलाचा डाग नख वाढेल तसा पुढे सरकतो आणि कापला जातो. हा सरकला?"

तो नख बघत राहिला. मग म्हणाला, "याचं मला लागलं की काय?"

"नाही, हा लागणारा रोग नाही. पण काळा रंग तयार करणाऱ्या पेशी त्याच्यातही आहेत आणि तुमच्यातही. घोड्यात हा रोग बरेचदा वर्षानुवर्षं एका जागी बसून राहतो. का बसतो, हे माणसांचे डॉक्टर घोड्यांकडून शिकायला बघताहेत. माणसात तो बसत नाही, काका, पळतो. उद्याच मोठ्या दवाखान्यात जा."

"उद्या सुट्टीचा दिवस, गाडीला गर्दी असते. साहेबांचं..."

"साहेब आजारी रजेवर आहेत," बायको डबा खाली ठेवत म्हणाली. "चला तुम्ही."

तो गेला. बदली माणूस आला. त्याने शीर दाबली, नंतर शिव्या दिल्या. पाय मी उचलला, पण मनापासून नाही.

पुढच्या खेपेला डॉक्टरीणबाईने या बदली माणसाला सांगितलं की माझ्या तुकड्यात जे निघालं तेच काकांच्या नखाखाली निघालं. अंगठा काढावा लागला. रोग पुढे सरकलेला दिसत नाही, तरी तपासत राहावं लागेल.

माझ्या गाठी आहेत तिथेच आहेत. मला आता गाडीला जुंपत नाहीत. मुलं कुंपणाशी येऊन गवत देतात. त्यांच्या आईबापांना माझं एकच सांगणं आहे. तळपाय बघा, नखं बघा. जिथे ऊन पोचत नाही तिथेही बघा, आणि डाग हटत नसेल तर तेलावर ढकलू नका.

एका संध्याकाळी मोतद्दार परत आला. उजव्या हाताला पट्टी होती. त्याने डाव्या हाताने माझी मान थोपटली. "साहेब, सुटलो बहुतेक," एवढंच म्हणाला.

दुसऱ्या दिवशी सकाळी तो खूर साफ करायला आला. सवयीने म्हणाला, "साहेब, पाय!" सवयीनेच वाकला आणि उजवा हात माझ्या नळीमागे नेला. हात तिथे नुसताच राहिला. दाबायला काही नव्हतं.

मी पाय उचलला.